आयसी कॉलनीतलं जुनं भांडण

बोरिवलीच्या आयसी कॉलनीत नवा माणूस राहायला आला की महिन्याभरात विचारतोच, "हे आयसी म्हणजे काय हो?" आणि आमची माणसंही बेधडक उत्तरं देतात. कोणी सांगतं, जुन्या काळी एका कंपनीनं प्लॉट पाडले, तिचं नाव. कोणी सांगतं, बँकेच्या लोकांची वसाहत होती. आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी काका बँकेतून निवृत्त झालेले, त्यामुळे आकडे आणि आद्याक्षरं यांवर त्यांचा हक्क. परवा कंपाउंडमध्ये उभं राहून ते नव्या भाडेकरूला समजावत होते, "इमॅक्युलेट कन्सेप्शन. म्हणजे येशू ख्रिस्ताचा जन्म बापाशिवाय झाला ना, ते."

कुंपणापलीकडून आवाज आला, "चूक!"

कुंपण म्हणजे छातीएवढी भिंत. पलीकडे आंटींचा जुना बंगला. आंटी ईस्ट इंडियन, पंचाहत्तरी कधीच ओलांडलेली, चर्चमध्ये मुलांच्या कितीतरी पिढ्यांना कॅटेकिझम शिकवलेलं. मे महिना असल्यामुळे अंगणात चटईवर बाटली मसाल्याच्या मिरच्या वाळत होत्या. काश्मिरी एका बाजूला, तिखट दुसऱ्या बाजूला, आणि मधोमध खुर्ची टाकून आंटी. हातात कावळे हाकायची काठी.

"बाय, तुझ्या सेक्रेटरीला सांग," आंटी मला म्हणाल्या. काका चार पावलांवरच उभे होते, पण चुकलेल्या विद्यार्थ्याशी त्या थेट बोलत नाहीत. "हा येशूचा मामला नाही, मरियामातेचा आहे. ती स्वतः तिच्या आईच्या, सेंट अ‍ॅनच्या पोटात राहिली तेव्हाची गोष्ट. आई-बाप दोघं होते, सगळं चारचौघांसारखं. फक्त आदाम-एवेपासून प्रत्येकाला जे मूळ पाप चिकटतं, ते देवानं तिला पहिल्या क्षणापासून चिकटू दिलं नाही. त्याचा फेस्त आठ डिसेंबरला. आणि तिचा वाढदिवस, बांद्र्याच्या जत्रेचा, आठ सप्टेंबरला. मोज महिने."

मी बोटांवर मोजले. बरोबर नऊ.

भाडेकरू 'थँक यू आंटी' म्हणून सटकला. काका मात्र चिडले. "म्हणजे शेवटी श्रद्धाच ना! विश्वास ठेव म्हटलं की विषय संपला. तुमच्यात प्रश्न विचारायची सोयच नाही."

"सोय नाही?" आंटींनी काठी खाली ठेवली. "या एका गोष्टीवर आमचे लोक सातशे वर्षं भांडत होते. आणि भांडणारे कोण? सगळे संत, नाहीतर संत व्हायच्या लायनीत असलेले!"

आता आंटींना हे सगळं कुठून ठाऊक, तर त्यांचा पुतण्या गोरेगावला सेंट पायस सेमिनरीत होता. पाद्री व्हायचं म्हणजे कमीत कमी दोन वर्षं तत्त्वज्ञान आणि चार वर्षं धर्मशास्त्र शिकावं लागतं, असा चर्चचा कायदाच आहे. आधी तर्क, मग देव! तोंडी परीक्षेच्या आधी तो आंटींसमोर बसून घडाघडा म्हणून दाखवायचा. त्याचं पाठ व्हायच्या आधी आंटींचंच पाठ झालं. मलाही या माणसांचा नाद त्या भिंतीवरूनच लागला, मग मी पुस्तकं आणून वाचली. त्यामुळे यापुढची काही कुचाळकी आंटींची आहे, काही माझी, आणि कुठली कोणाची ते आता आम्हा दोघींनाही सांगता येणार नाही.

भांडण सुरू झालं ते इंग्लंडात. तिथले साधे लोक मरियेच्या गर्भसंभवाचा सण फार पूर्वीपासून पाळत होते. कोणी शास्त्रार्थ करून तो सुरू केला नव्हता. मग शिकलेसवरलेले लोक आले आणि म्हणाले, याला आधार काय? सण बंद. तेव्हा कँटरबरीचा एडमर नावाचा साधू उठला आणि ११२५ च्या सुमारास त्यानं या भाबड्या माणसांची बाजू घेऊन पुस्तक लिहिलं. त्याचा मुद्दा थोडक्यात असा: देवाला हे करता येत होतं, करणं शोभत होतं, मग त्यानं केलंच असणार.

गंमत म्हणजे हा एडमर अ‍ॅन्सेल्मचा लाडका शिष्य. अ‍ॅन्सेल्म म्हणजे १०३३ ते ११०९ या काळातला मोठा माणूस, कँटरबरीचा आर्चबिशप. देव आहे हे निव्वळ विचार करून, घरात बसल्याबसल्या सिद्ध करायला निघालेला. त्याचं म्हणणं, मी आधी विश्वास ठेवतो, पण मग ज्यावर विश्वास ठेवला ते समजून घेतल्याशिवाय मला चैन पडत नाही. त्याच्या या सिद्धतेवर गॉनिलो नावाच्या दुसऱ्या साधूनं टीका केली: सर्वांगसुंदर बेटाची कल्पना केली म्हणून ते बेट समुद्रात येऊन बसत नाही! अ‍ॅन्सेल्मनं काय करावं? उत्तर लिहिलं आणि सांगितलं, यापुढे माझ्या पुस्तकाच्या नकला करताना गॉनिलोची टीकाही सोबत लिहा. हे मी काकांना मुद्दाम सांगितलं. काका सोसायटीच्या सभेचं इतिवृत्त लिहितात, त्यात विरोधात बोललेल्यांचं एक वाक्य सापडत नाही.

बरं, याच अ‍ॅन्सेल्मच्या १०९८ च्या पुस्तकात मरियासुद्धा पापातच गर्भात आली असं वाक्य आहे. म्हणजे गुरूच्या ग्रंथात एक आणि शिष्याच्या लेखणीतून बरोबर उलटं.

मग या वादात उतरला क्लेअरव्होचा बर्नार्ड. हा मरियेचा एवढा भक्त की त्याच्याएवढी तिची स्तुती त्या काळात कोणी केली नसेल. सगळ्यांना वाटलं, हा तर आपलाच. पण ११४० च्या सुमारास लियाँच्या धर्मगुरूंनी हा सण सुरू केलेला ऐकून त्यानं त्यांना खरमरीत पत्र लिहिलं. आज तिचा गर्भसंभव पवित्र म्हणून सण करताय, मग उद्या तिच्या आईबापांचाही करा, आजीआजोबांचा करा, पणज्याचा करा. याला अंत कुठे? हा कारभार ना परंपरेला धरून आहे ना विचाराला. म्हणजे भक्तच म्हणतोय, भक्तीच्या भरात काहीही करू नका.

"हाच तो बर्नार्ड," आंटी म्हणाल्या, "ज्यानं त्या बिचाऱ्या अ‍ॅबेलारला छळलं." आंटी प्रत्येक वेळी अ‍ॅबेलारला बिचारा म्हणतात. तो पॅरिसचा सगळ्यात हुशार आणि सगळ्यात फटकळ मास्तर. चर्चच्या आचार्यांची एकमेकांविरुद्ध जाणारी वचनं त्यानं १५८ प्रश्नांखाली समोरासमोर मांडून ठेवली आणि विद्यार्थ्यांना म्हणाला, लावा संगती! अशा माणसाच्या घरचं बरं कसं असणार? एलोईज नावाच्या शिष्येच्या प्रेमात पडला, मूल झालं, चोरून लग्न केलं. तिच्या काकानं रात्री माणसं पाठवून त्याला खच्ची करवलं. ती जोगीण झाली, हा साधू झाला. आणि मुलाचं नाव काय ठेवलं होतं, तर अ‍ॅस्ट्रोलेब. तारे मोजायचं यंत्र! "आमच्यात हल्ली पोरांची कसली कसली नावं ठेवतात, पण असं नाही बाय," आंटी म्हणाल्या. म्हातारपणी सांसच्या धर्मसभेत बर्नार्ड त्याच्याविरुद्ध उभा राहिला, त्याची मतं धिक्कारली गेली. क्लूनीच्या मठाधिपतीनं मात्र त्याला आसरा दिला, दोघांचा समेटही घडवला.

इथपर्यंत काका हाताची घडी घालून ऐकत होते. "पण निकाल कोणी लावला?"

निकाल लावेल असा माणूस पुढच्या शतकात आला. थॉमस अक्वायनस, जन्म १२२५ च्या सुमारास. घर जहागीरदाराचं. पोरानं बेनेडिक्टाइनांचा श्रीमंत मठाधिपती व्हावं अशी घरच्यांची इच्छा, आणि हा जाऊन मिळाला भिक्षा मागणाऱ्या डॉमिनिकनांना. भावांनी रस्त्यात गाठून उचलून आणला आणि वर्षभर वाड्यात कोंडून ठेवला. मन वळावं म्हणून त्याच्या खोलीत एक बाई पाठवली म्हणतात, तर हा चुलीतलं जळतं लाकूड घेऊन तिच्यामागे धावला. अंगानं थोराड, वर्गात तोंड उघडायचा नाही. सोबतचे त्याला मुका बैल म्हणायचे. या बैलानं जे लिहिलंय त्याची पद्धत मला फार आवडते. प्रश्न मांडायचा, मग आधी आपल्याविरुद्धचे मुद्दे, एक, दोन, तीन, तेही चांगले भक्कम करून, मग आपलं मत, आणि शेवटी त्या एकेका मुद्द्याला उत्तर. आपल्याकडचा पूर्वपक्ष आणि सिद्धान्तच की हा! अ‍ॅरिस्टॉटल ख्रिश्चन नव्हता, इब्न सीना आणि इब्न रुश्द मुसलमान. तिघांचीही मतं तो आदरानं घेतो. त्याच्या मते देव आहे एवढं बुद्धीला कळू शकतं. देव एकात तीन कसा, ते बुद्धीला आपलं आपण कळत नाही, पण जे देवानं सांगितलं ते बुद्धीच्या विरुद्धही जाणार नाही, कारण दोन्ही एकाच मालकाचं.

तर हा थॉमस मरियेच्या प्रश्नावर काय म्हणाला? विरुद्ध मत दिलं! म्हणाला, ती आईच्या पोटात असतानाच देवानं तिला पवित्र केलं, मान्य. पण अगदी पहिल्या क्षणापासून ती निष्पाप होती असं धरलं, तर तिला तारायचं कारणच उरलं नाही. आणि येशू तर सगळ्यांचा तारणारा. सगळ्यांमध्ये ती येते की नाही?

काका एकदम खूश. "बघा! हा माणूस मला पटला."

"पटणारच," आंटी म्हणाल्या. "तो सगळ्यांना पटतो. म्हणूनच दुसऱ्याला शोधायला वेळ लागला."

दुसरा म्हणजे जॉन डन्स स्कोटस, स्कॉटलंडचा, फ्रान्सिस्कन. पॅरिसमध्ये शिकवत असताना फ्रान्सचा राजा आणि पोप यांचं बिनसलं. राजाच्या बाजूनं सही करायला नकार दिला म्हणून १३०३ मध्ये याला देशाबाहेर घालवलं. १३०८ मध्ये कोलोनला वारला, वय जेमतेम बेचाळीस. लिखाण इतकं गुंतागुंतीचं की पुतण्यानं आंटींसमोर त्याचं प्रकरण तीन वेळा म्हटलं आणि तीनही वेळा वेगळं म्हटलं. पण या एका प्रश्नावर त्यानं जे केलं ते आंटींनी काकांना रस्त्याकडे बोट दाखवून समजावलं.

रस्त्यावर नालेसफाई चालली होती. मॅनहोलचं झाकण काढलेलं, भोवती एक बांबू आणि त्याला लाल फडकं, बस्स. "हे बघा सेक्रेटरीसाहेब," आता त्या थेट काकांशी बोलत होत्या, म्हणजे काका वरच्या वर्गात गेले. "तुम्ही त्यात पडलात आणि कोणी तुम्हाला बाहेर काढलं, तर त्यानं तुम्हाला वाचवलं ना? आणि तुमचा पाय पडणार एवढ्यात कोणी दंड धरून मागे ओढलं, तर? त्यानं वाचवलं नाही असं म्हणाल? उलट तो जास्त मोठा वाचवणारा. कपडेही खराब होऊ दिले नाहीत!"

स्कोटसचं म्हणणं हेच. मरियेलाही येशूनंच तारलं, पण पापात पडल्यावर नव्हे, पडण्याआधी. तारणारा परिपूर्ण असेल तर निदान एकाला तरी त्यानं परिपूर्ण रीतीनं तारलेलं असणार. म्हणजे थॉमसचं तत्त्व, 'सगळ्यांना तारणाची गरज आहे', स्कोटसनं खोडलंच नाही. तेच उचललं आणि त्यावरून उलट्या निष्कर्षाला गेला. आणि तरी गर्व किती कमी! देवाला तीन गोष्टी शक्य होत्या, म्हणतो: तिला पाप कधीच लागू द्यायचं नाही, एक क्षणभर लागू द्यायचं, किंवा काही काळ लागू द्यायचं. यातलं काय घडलं ते देवालाच ठाऊक. पण चर्चच्या आणि धर्मग्रंथाच्या विरोधात जात नसेल, तर जे अधिक थोर ते तिच्याकडे द्यावं, असं मला वाटतं. सिद्ध केलं असा दावाच नाही. शक्य आहे एवढं दाखवलं, आणि पुढचं श्रद्धेवर सोपवलं. मला विचाराल तर बुद्धीनं श्रद्धेची एवढी नीट चाकरी दुसऱ्या कोणी क्वचितच केली असेल.

पुढची दोनेकशे वर्षं मात्र विचारू नका. डॉमिनिकन सगळे थॉमसच्या बाजूनं, फ्रान्सिस्कन स्कोटसच्या. १३८७ मध्ये पॅरिसला एका डॉमिनिकनानं स्कोटसच्या मताविरुद्ध जरा जास्तच जोरात लिहिलं, तर त्यांच्या सगळ्या पंथालाच विद्यापीठाबाहेर काढलं. १४०३ पर्यंत आत घेतलं नाही. १४९७ मध्ये त्याच विद्यापीठानं नियम केला की या मताचं रक्षण करीन अशी शपथ घेतल्याशिवाय पदवी नाही. बर्नला तर कहर झाला. मठात एका पोराला मरिया दर्शन देते आणि डॉमिनिकनांचं बरोबर आहे असं सांगते, अशी आवई उठली. चौकशीत बनाव निघाला आणि १५०९ मध्ये चार डॉमिनिकनांना जाळलं. बनाव त्या चौघांचा की खुद्द पोराचाच, यावर इतिहासकार अजून भांडतात. सातशे वर्षांचा शास्त्रार्थ म्हणून मी उगाच हुरळून जाऊ नये, म्हणून हेही सांगून टाकते. पोप चौथा सिक्स्टस, स्वतः फ्रान्सिस्कन, त्यानं शहाणपणा केला होता: सणाला मान्यता दिली, पण १४८० च्या दशकात दोन्ही बाजूंना बजावलं की समोरच्याला पाखंडी म्हणायचं नाही. निकाल न देता नुसती तोंडं आवरणं हेही काम अवघड असतं. काकांना सोसायटीच्या ग्रुपवर ते अजून जमलेलं नाही.

"पण हे सगळं युरोपात. बोरिवलीत कसं आलं?" काकांचा शेवटचा बाण.

"कसं म्हणजे? फ्रान्सिस्कन घेऊन आले. तुमच्या मंडपेश्वरला!"

साष्टी बेट १५३४ मध्ये पोर्तुगिजांकडे गेलं, आणि मागोमाग अंतोनियो दो पोर्तो नावाचा फ्रान्सिस्कन इथं पोचला. इथली पॅरिश आपली सुरुवात १५४४ ची सांगते. ज्या डोंगरीला चर्चवाले माउंट पोईसर म्हणतात, तिच्या पोटात मंडपेश्वरची शैव लेणी, आणि लेण्यांच्या डोक्यावर त्यांच्या मठाचे आज उभे असलेले पडके दगडी खांब-भिंती. स्कोटसच्या पंथाचे लोक, ते आपल्या चर्चला दुसरं कुठलं नाव देणार? पोर्तुगालचंही तेच. १६४६ मध्ये राजा चौथ्या जॉननं मरियेच्या या रूपाला राज्याची रक्षणकर्ती केलं, आपला मुकुट तिला वाहिला, आणि त्यानंतर पोर्तुगालच्या एकाही राजानं डोक्यावर मुकुट घातला नाही. पणजीचं ते पांढरंशुभ्र पायऱ्यांचं चर्चही हिचंच. तिथंही फेस्त आठ डिसेंबरलाच.

मंडपेश्वरचा विषय निघाला की मी गप्प बसत नाही. लेण्यात नटराज आहे, अंगाची बरीच मोडतोड झालेला, तरी बघत राहावा असा. आणि एका भिंतीवर जुनं शिल्प होतं तिथं मोठा क्रूस कोरलेला. मी म्हटलं, "आंटी, पॅरिसमध्ये समोरच्याचे मुद्दे आधी मांडायची एवढी शिस्त, मग इथं शंकराचा पूर्वपक्ष कोणी मांडला?"

आंटी थोडा वेळ मिरच्या उलथत राहिल्या. मग म्हणाल्या, "तिथं तर्क नव्हता बाय. तिथं राजा होता."

याच्यावर मला बोलायला काही उरलं नाही. तरी न्याय म्हणून सांगितलं पाहिजे की त्याच राजवटीत गोव्याच्या साष्टीत थॉमस स्टीफन्स नावाचा इंग्रज जेझुइट होता, त्यानं मराठी शिकून अकराएक हजार ओव्यांचं ख्रिस्तपुराण रचलं, १६१६ मध्ये रायतूरला छापलं, आणि त्यात ऐकणाऱ्या माणसांना प्रश्न विचारायला जागा ठेवली. १७३७ ते १७३९ च्या मोहिमेत मराठ्यांनी साष्टी आणि वसई घेतली तेव्हा फ्रान्सिस्कनांचा इथला पसारा आटोपला. नाव राहिलं. माउंट पोईसरला फ्रान्सिस्कन ब्रदर नंतर पुन्हा आले, त्यांच्या शाळेत आमच्या सोसायटीतली निम्मी पोरं शिकली.

आणि निकाल? पोप नववा पायस यानं १८४९ मध्ये जगभरच्या बिशपांना पत्र पाठवून विचारलं, तुमच्याकडचे लोक काय मानतात? बहुतेकांनी हो कळवलं. ८ डिसेंबर १८५४ ला त्यानं जाहीर केलं: मरियेचा गर्भसंभव निष्कलंक, हे आता श्रद्धेचं तत्त्व. इंग्लंडातली ती भाबडी माणसं जिंकली, स्कोटस जिंकला. बर्नार्ड आणि थॉमस हरले.

"मग थॉमसची पुस्तकं कपाटात गेली असतील," काका म्हणाले. आता त्यांचा आवाज बदलला होता. आपला माणूस हरल्यासारखा.

आंटी हसल्या. उलटंच झालं. निकालानंतर पंचवीस वर्षांनी, १८७९ मध्ये, पोप तेराव्या लिओनं खास पत्रक काढून थॉमसला कॅथलिक शाळांचा मुख्य गुरुजी केलं. १९९८ मध्ये दुसऱ्या जॉन पॉलनं श्रद्धा आणि बुद्धी याच विषयावर पत्रक लिहिलं, त्यातही थॉमसला वेगळी जागा आहे. त्याच पत्रकात पूर्वेकडच्या देशांच्या विचारपरंपरांचं मोल सांगताना सगळ्यात आधी भारताचं नाव घेतलंय. स्कोटसला १९९३ मध्ये 'धन्य' म्हटलं. संतपद अजून नाही.

गोरेगावच्या सेमिनरीतली मुलं आठ डिसेंबरची सुट्टी स्कोटसच्या कृपेनं घेतात. पण ज्या चर्च-कायद्याखाली ती शिकतात तो १९८३ चा आहे, आणि त्याच्या २५२ व्या कलमात धर्मशास्त्र शिकताना विशेषेकरून गुरू कोणाला मानावं, ते नाव घेऊन लिहिलं आहे: संत थॉमस.